अडकणारी मुलगी

त्या पिक्चरमध्ये मला नाव नव्हतं. कागदावर लिहिलं होतं, 'अडकणारी मुलगी'. अकरावीत होते मी तेव्हा. त्या दोन शब्दांवर इतकी खूश होते, की तो कागद घडी करून मोबाईलच्या कव्हरमध्ये ठेवला होता आणि कोणी विचारो न विचारो, काढून दाखवायचे. मैत्रीण म्हणाली, "अगं पण अडकणारी म्हणजे काय?" मी म्हटलं, "अडकणारी म्हणजे अडकणारी! तुला काय करायचंय?"

पिक्चर कॉलेजच्या पोरांचा, कॉमेडी. एक ढ पोरगा असतो. त्याला ताल कळत नाही, यमक कळत नाही, आणि वर्गातल्या एका मुलीवर छाप पाडायला तो ठोकून देतो की आपण रॅपर आहोत. झालं! मग चार मित्र, गुडघ्यापर्यंत येणारे टी-शर्ट, गळ्यात खोट्या साखळ्या, आणि शेवटी कॉलेजांची रॅप बॅटल. बॅटल म्हणजे समोरासमोर उभं राहून एकमेकांची यमकात लाज काढायची. हा हिरो पहिल्या फेरीत जिंकतो, ते केवळ समोरची मुलगी ऐन वेळी अडकते म्हणून. ती मुलगी मी. पिक्चर आला आणि गेला, पण माझा तो तुकडा अजून लोकांच्या मोबाईलवर फिरतो. कोणाची परीक्षेत, मुलाखतीत, लग्नाच्या बोलणीत वाट लागली, की खाली माझा चेहरा लावतात. मी पण हसते. काय करणार?

घाटकोपरच्या डोंगरावर आमचं घर. खाली एक मैदान आहे, तिथे रविवारी संध्याकाळी पोरं गोल करून रॅप करायची. कोणीतरी तोंडानेच बीट द्यायचा आणि बाकीचे पाळीपाळीने मध्ये घुसायचे. मुली आम्ही दोनच. कोणीतरी माझा व्हिडिओ टाकला, तो पिक्चरवाल्यांनी बघितला आणि मला अंधेरीला बोलावलं. त्यांनी दिलेल्या ओळी इतक्या भंगार होत्या, की मी सरळ सांगितलं, "सर, हे कोणी बोलत नाही." दिग्दर्शक म्हणाला, "मग तू काय बोलशील?" मी माझ्या चार ओळी टाकल्या.

डोंगरावर घर माझं, पायऱ्या मोज शंभर,
चढता चढता दम लागेल, मग सांग तुझा नंबर.
पहाटेला पाणी येतं, रांग लागते दाराशी,
हंडा माझा भांडतो बघ साऱ्या साऱ्या शहराशी!

दिग्दर्शक खुर्चीतून उठलाच. म्हणाला, "झकास! हेच ठेवायचं. फक्त शेवटचा शब्द बोलायचा नाही. तिथे तू अडकणार."

एवढाच माझा रोल. तीन ओळी तडातडा म्हणायच्या, चौथीत 'साऱ्या साऱ्या' म्हणून गप्प व्हायचं. वय अठराच्या आत, म्हणून घरचं मोठं माणूस सेटवर पाहिजे असं त्यांनी बजावलं. आई एका शाळेत मुलांचा खाऊ शिजवायला जायची, तिला सुट्टी नव्हती. बाबा बँकेत शिपाई. त्यांनी रजा टाकली, लग्नाला घालतात तो निळा शर्ट घातला आणि माझ्या आधी तयार होऊन दारात उभे राहिले.

आता बाबांबद्दल सांगायला हवं. आमचं गाव रत्नागिरीकडचं. आजोबा गिरणीत आले, बाबा बँकेत लागले, पण गावाकडचा शक्ती-तुरा काही सुटला नाही. हा गाण्यांचा सामना असतो. एक बाजू शक्तीवाल्यांची, दुसरी तुरेवाल्यांची. एक शाहीर गाण्यात सवाल टाकतो, समोरच्या शाहिराने तिथल्या तिथे गाण्यातच जवाब द्यायचा. जवाब आला नाही तर संपलं. गावात त्या शाहिराची पोरंटोरं पण चेष्टा करतात, वर्षानुवर्षं. मुंबईत नाट्यगृह घेऊन हे सामने होतात आणि आमचे लोक अजून भांडायच्या तयारीने जातात.

बाबा शाहीर नव्हते. ते मागे उभे राहून झील धरायचे. शाहिराने ओळ सोडली, की मागच्यांनी ती उचलायची, तिला झील म्हणतात. पण बाबांचं खरं काम वेगळंच होतं. शाहीर अडकला, की पुढचा शब्द मागून अलगद सरकवायचा, तोही असा की ऐकणाऱ्याला वाटावं शाहिरालाच सुचला. वीस-बावीस वर्षं त्यांनी हे केलं. पोस्टरवर नाव कधी आलं नाही. "पुढचा माणूस उघडा पडता नये," म्हणायचे, "मग मागच्यांचा उपयोग काय?" घरी मी ओळी म्हणत फेऱ्या मारायचे, तेव्हा बाबा कांदा चिरता चिरता शेवटचा शब्द आधीच टाकून मोकळे. मी चिडायचे. "बाबा, मला सुचत होता ना!" ते म्हणायचे, "अगो, मग बोल की लवकर."

सेट मालाडला, एका जुन्या गोदामात. आत शिरले आणि मला घेरीच आली. आमची गल्ली! म्हणजे आमची नव्हे, पण तशीच. प्लायवूडच्या पायऱ्या, निळी ताडपत्री, दोरीवर कपडे, पत्र्याखाली पाण्याचा नळ. नळ फिरवून बघितला तर नुसताच फिरला. सकाळचे दहा वाजले होते आणि तिथे संध्याकाळचं ऊन पडलं होतं. दिव्यावर पिवळा कागद लावून केलेलं ऊन. मशीनमधून पांढरा धूर सोडत होते, तो पायांत रेंगाळायचा. त्या धुरात उभं राहून मला वाटत होतं, की मी झोपेत माझ्याच घराच्या आसपास हिंडतेय आणि घर काही सापडत नाहीये. आजही तो दिवस आठवला, की आधी तो धूर येतो आणि त्यातून हळूहळू माणसं दिसायला लागतात.

हिरोचं काम करणारा पोरगा चांगला होता. बड्या घरचा, पण साधा. माझ्याकडून 'हंडा' म्हणजे काय ते समजून घेतलं. मग दिग्दर्शक 'ॲक्शन' म्हणाला, पोरांचा गोल डुलायला लागला, बीट सुरू झाला आणि मी सुटले. शंभर, नंबर, दाराशी. पाय आपोआप उचलत होते. "हंडा माझा भांडतो बघ साऱ्या साऱ्या..." आणि थांबले.

कॅमेऱ्यामागच्या काळोखातून खणखणीत आवाज आला, "शहराशी!"

कट. सगळा सेट फुटला हसून. बाबा दिव्याच्या स्टँडमागून पुढे आले आणि हात जोडून म्हणाले, "चुकून गेला हो." मी पण हसले. दुसऱ्या वेळी त्यांनी तोंडावर रुमाल धरला होता. मी थांबले आणि रुमालातून आला, "शहराशी!" ह्या वेळी कमी लोक हसले. तिसऱ्यांदा बाबा अगदी भिंतीपाशी जाऊन, पाठ करून उभे राहिले. मला माहीत होतं काय होणार. तसंच झालं.

त्यांना काय कळत नव्हतं? सगळं कळत होतं. पिक्चर आहे, मुद्दाम अडकायचंय, पोरगी घरी चार दिवस हेच घोकत होती. पण वीस वर्षांची सवय कानात बसलेली. पुढचा थांबला की मागच्याच्या तोंडातून शब्द सुटणारच.

दिग्दर्शकाच्या असिस्टंट बाईने गोलातल्या एका मुलीला बाजूला घेतलं आणि तिच्या हातात माझ्या ओळींचा कागद दिला. ती मुलगी ओठ हलवत वाचायला लागली. असिस्टंट माझ्याजवळ येऊन म्हणाली, "बघ, अजून एक टेक देतोय. मग आम्हाला दुसरं काहीतरी करावं लागेल." माझ्या ओळी, माझा हंडा, माझ्या पायऱ्या, आणि बोलणार ती!

मी तरातरा बाबांकडे गेले. सगळ्यांसमोर. "बाबा, हे तुमचं शक्ती-तुऱ्याचं स्टेज नाहीये. तुम्हाला कोणी विचारलंय का इथे? बाहेर जाऊन बसा."

"बरं," बाबा म्हणाले.

फक्त बरं. माझी बॅग त्यांच्या खांद्यावर होती. ती सांभाळत, वायरी चुकवत ते शटरखालून वाकून बाहेर गेले आणि कोणीतरी शटर अर्धं खाली ओढलं. धूर पुन्हा सोडला. ऊन पुन्हा लागलं.

चौथा टेक. मी शंभर म्हटलं, नंबर म्हटलं, दाराशी म्हटलं. "साऱ्या साऱ्या..." आणि थांबले, आणि कान मागे गेले. मागून काहीच आलं नाही. आयुष्यात पहिल्यांदा मी ओळ सोडली आणि ती तशीच लोंबकळत राहिली. मला खरंच शब्द आठवेना. माझाच शब्द! मी मान वळवून मागे बघितलं, तिथे नुसता काळोख. समोरच्या हिरोने त्याचं ते मूर्ख वाक्य टाकलं, गोल हसला, कट झाला आणि दिग्दर्शक टाळ्या वाजवत आला. "काय चेहरा दिलास गं!" तोच तो चेहरा, जो मोबाईलवर फिरतो.

घरी येताना मेट्रोत बाबांनी विचारलं, "शेवटचा बरा झाला ना?" मी हो म्हटलं आणि खिडकीबाहेर बघत राहिले. माफी मागायला हवी होती. घाटकोपर येईपर्यंत मागू, पायऱ्या चढताना मागू, असं करत घर आलं. आईने विचारलं तर बाबा म्हणाले, "एक नंबर काम केलान पोरीने. सगळे टाळ्या वाजवत होते." तीन टेकचं त्यांनी सांगितलंच नाही.

त्यानंतर घरी त्यांनी शब्द टाकणं बंद केलं. मी मुद्दाम ओळ अर्धी सोडायचे, थांबायचे, त्यांच्याकडे बघायचे. ते कांदा चिरत राहायचे. एकदा तर मी सहा-सात वेळा तीच ओळ म्हटली. बाबांनी सुरी खाली ठेवली, मोबाईल घेतला आणि गॅलरीत गेले. मला इतकी भीती कधीच वाटली नव्हती. माझ्या मागचं माणूस मीच हाकलून दिलं होतं.

तीन महिन्यांनी डबिंगला बोलावलं, अंधेरीला. सेटवर जे बोललो ते बंद खोलीत बसून पुन्हा बोलायचं, म्हणजे आवाज स्वच्छ येतो. ह्या वेळीही बाबाच आले, पण इमारतीच्या खालच्या पायरीवरच बसले. "मी खालीच बरा," म्हणाले. मी आग्रह केला नाही.

आतली खोली काळी आणि गार. भिंतींना जाड कापड, दार लावलं की स्वतःचं रक्त वाहताना ऐकू यावं इतकी शांतता. समोर पडद्यावर मी, त्या पिवळ्या उन्हात, त्या धुरात. काचेपलीकडून रेकॉर्डिंगवाले दादा म्हणाले, "तीन ओळी झकास झाल्या. आता चौथीत 'साऱ्या साऱ्या' आणि मग फक्त श्वास. तोंड उघडं आहे ना तुझं, तिथे श्वास लागेल. आधी सेटवरचं ऐक, मग आपण घेऊ."

मी हेडफोन नीट केले. माझाच आवाज आला, "साऱ्या साऱ्या..." मग पंख्याची घरघर. मग अगदी लांबून, पत्र्यापलीकडून, कोणाला ऐकू जाऊ नये इतक्या हळू, "शहराशी."

"परत लावा ना," मी म्हटलं.

परत आला. हळूच, कसलाही जोर न लावता. बाहेर बसा म्हटल्यावरही त्यांनी शब्द दिला होता. मला तो पोचला नव्हता, एवढंच. दादांना वाटलं मी ओठांची हालचाल जुळवतेय, म्हणून त्यांनी न कुरकुरता पाच वेळा लावलं. मग म्हणाले, "मागे कोणीतरी बोलतंय, ते सोड. हा सगळा ट्रॅक जाणारच आहे. म्हणून तर डब करतो आपण."

लाल दिवा लागला. मी श्वास घेतला. दादा म्हणाले, "अगं, हा रडल्यासारखा येतोय. कॉमेडी आहे ना ही?" दुसराही तसाच आला. तिसरा त्यांना चालला. त्यांनी तो जागेवर बसवला, मला ऐकवला. आता तिथे फक्त माझा श्वास होता.

खाली आले तर बाबा पायरीवर शेंगदाण्याची पुडी घेऊन बसलेले. मी त्यांच्यासमोर उभी राहिले आणि एकदम बोलून टाकलं, "बाबा, त्या दिवशी तुम्ही बाहेरून शब्द दिलात."

बाबा ताडकन उठले. चेहरा पांढरा पडला. "आत आला काय आवाज? अगो, मी शटरपासून लांब उभा होतो. हळूच बोललो, तुझ्या शपथेने. तू एकटी पडलीस आत, ऱ्हावलं नाय. परत मीच घाण केली काय? तोडला काय त्यांनी तुझा सीन?"

"नाही हो," मी म्हटलं. "सीन आहे. मी आहे. फक्त तुमचा आवाज काढून टाकला."

"काढला ना? पुरता काढला?"

"पुरता."

"हुश्श!" बाबा मटकन पायरीवर बसले. रुमालाने कपाळ पुसलं, हसले, खरोखर मनापासून हसले आणि माझ्यासाठी बाजूला सरकून जागा केली. "मग काय हरकत नाय," म्हणाले. "मी उगाच घाबरलो."