पिएदाद गप्प राहिली ती सकाळ

आमची शेजारीण पिएदाद. हिला देवाने आवाज दिला, पण तो कमी करायची कळ द्यायला विसरला. ती मासे विकायला बसली की गिऱ्हाईक भाव करायचं सोडून पैसे काढून मोकळं होतं. नवरा बाप्तिस्त गेल्यावर तिने मुलाला, केव्हिनला, एकटीने वाढवलं ते ह्याच आवाजाच्या जोरावर.

गावाने मात्र हा आवाज जपला तो धुक्यासाठी. आमच्याकडे थंडीत दर्यावर दाट धुकं उतरलं की मागसाद येतो. म्हणजे एखाद्या जागी पूर्वी कधी निघालेला आवाज तिथूनच पुन्हा ऐकू येतो. बंद पडलेल्या लाँचचा भोंगा येतो, गेलेल्या माणसाचा खोकला येतो. आमच्या ह्यांनी मला दिलेली एक शिवी ते वारल्यावर परत ऐकू आली. मीही सोडली नाही, उत्तर दिलं. जमिनीवरच्या माणसाने त्याला भ्यायचं कारण नाही. भ्यावं होडीतल्याने.

कारण आमच्या खाडीचं तोंड एका जागी राहत नाही. पावसाळ्यात वाळू सरकते, वाट बदलते, आणि वाटेच्या दोन्ही अंगांना खडक. धुकं पडलं की पिएदाद यंदाच्या वाटेसमोर उभी राहून हाक मारायची. ही हाक आजची, मागसाद नव्हे, हे होडीतल्यांना कळावं म्हणून हाकेत गावची ताजी बातमी घालायची अशी रीत. पिएदादला बातमीची टंचाई कधी पडली नाही. नसली तर ती कुणाशी तरी भांडून तयार करायची.

सून ग्लिनिस आली तळेऱ्याहून. तिकडे हायवे आहे, दर्या नाही. मास्तरांची मुलगी, बोलणं इतकं हळू की मला कान पुढे करावा लागे. केव्हिन एकदा आईला म्हणाला, "मांय, हिका पण हाक मारूक शिकव."

"हिची जेवणाची हाक पडवीत ऐकाक येना नाय," पिएदाद म्हणाली. "ती खाडीपार खंयसून जातली?"

ग्लिनिस खाली मान घालून कोळंबी सोलत राहिली. हाक हा पिएदादचा मान होता आणि तो ती कुणाला देणार नव्हती.

गेल्या थंडीत केव्हिन लहान होडी घेऊन एकटाच गेला होता. ऊन वर आलं आणि मागोमाग धुकं असं उतरलं की मला अंगणातले माड दिसेनात. आम्ही तिघी किनाऱ्यावर धावलो. खाडीच्या तोंडाबाहेर होडीचं मशीन दोनदा खोकलं आणि बंद पडलं.

"मांय, मशीन गेला," केव्हिन ओरडला. "भरती आत ओढता माका. वाट खंय?"

हातातल्या वल्ह्याने होडी वळली असती, पण वळवायची कुठे ते कळायला हवं. पिएदादने पाय रोवले. "हंय ये रे केव्हिन. बाबलीच्या म्हशीक रेडकू झाला."

तोच उजवीकडच्या धुक्यातून पिएदादच म्हणाली, "हंय ये रे, बाबलीच्या म्हशीक रेडकू झाला." डावीकडून आणखी एक पिएदाद म्हणाली, "हंय ये रे, सत्यवती सासरसून भांडान इली." मग कोवळ्या आवाजाची एक, सर्दी झालेली एक. कितीतरी थंड्यांतल्या पिएदाद एकदम जाग्या झाल्या, आणि जी ती आपापल्या वर्षाची वाट दाखवू लागली. त्या वाटांवर आता वाळू आणि खडक.

"म्हैस खंयच्या वर्षाची, मांय?" केव्हिनचा आवाज फाटला होता.

गावात नवीन ते काय घडतं? म्हशी व्यातात, माणसं भांडतात. पिएदाद आणखी जोरात ओरडली. काल रात्री त्याने काय खाल्लं ते सांगितलं, अंगात शर्ट कुठला ते सांगितलं. पण शब्द एकमेकांत कालवले जाऊन नुसता तिचा आवाज उरत होता, चहूकडून. खडकावर लाट फुटली आणि त्याच खडकाला अगदी लागून केव्हिनचं वल्हं आपटलं.

पिएदादने तोंड उघडलं, आणि मिटलं. असं मी पहिल्यांदाच बघत होते. मग तिने ग्लिनिसचा दंड धरून तिला आपल्या जागेवर उभी केली.

"तू मार हाक."

"माका जमाचा नाय, मांय. माझो आवाज..."

"तुझो आवाज ह्या दर्यान कधी ऐकूक नाय. म्हणानच मार."

ग्लिनिसची पहिली हाक शेजारी उभ्या असलेल्या मलाही नीट ऐकू आली नाही. पिएदादने तिच्या पाठीवर पंजा ठेवला. "पोटातसून येऊं दी. मनातल्या मनात माझ्यार रागावतस ना, तसा."

तेव्हा ग्लिनिस ओरडली. "केव्हिन, हंय ये. माझ्या आवाजार ये." पुढे शब्द सुचेनात, म्हणून तोंडाला येईल ते बोलत सुटली. "तुझी आवय एक दिवस माका बरा म्हणूक नाय. तुका सांगलंय तर तू हसलस. ये तू, मगे बघतंय तुका."

हे सगळं पुढच्या थंडीत अख्ख्या गावाला परत ऐकू येणार, हे पिएदादला आमच्याइतकंच ठाऊक होतं. पाठीवरचा पंजा तिने काढला नाही. "आणखी सांग," ती सुनेच्या कानात म्हणाली. "थांबा नको."

ग्लिनिसकडे सांगण्यासारखं पुष्कळ साठलं होतं.  मग तिकडे धुक्यात वल्ह्याचा आवाज वळला. आला, थांबला, पुन्हा आला.

"ग्लिनिस?" अगदी जवळून.

होडीचं नाक धुक्यातून बाहेर आलं. एका अंगाचा रंग खडकाने पार खरवडून नेला होता. केव्हिनने गुडघाभर पाण्यात उडी टाकली, तशी ग्लिनिस धावली. इतका वेळ ओरडून तिचा घसा पार बसला होता.

पिएदाद मात्र जागीच वाळूत बसली. समोर धुक्यात तिच्या हाका अजून चालूच होत्या. ती बराच वेळ ऐकत राहिली.

"गो," ती मला म्हणाली, "मी इतक्या वर्सां इतकी बोंबलतंय? तू कधी सांगूक नाय माका."

"सांगलंय," मी म्हटलं. "तुका ऐकाक येवक नाय."