मंजुरीवर हरकत

आमच्या शेजारच्या मामाजींना कारण न देता 'नाही' म्हणून दाखवील असा माणूस अख्ख्या अकोल्यात सापडायचा नाही. नात्याने ते माझे कोणी नव्हेत. गल्ली मामाजी म्हणायची, मीही म्हणू लागलो. ते पाटबंधारे खात्यातून निवृत्त झाले, पण शेरा मारायची त्यांची खोड काही निवृत्त झाली नाही. भाजीवाल्याला 'आज वांगी नको' एवढं सांगायचं, तर म्हणत, "पयलं म्हणजे कालची शिल्लक हायेत. दुसरं, तुयी वांगी जून दिसून राह्यली. आता तुयं काय म्हणणं हाय?" तो बिचारा हात जोडायचा, "मामाजी, नाई घ्याची तं नका घेऊ ना!" पोरांचा चेंडू अंगणात पडला की दोन्ही बाजू ऐकून घेतल्याशिवाय परत मिळत नसे, आणि निकाल लागेपर्यंत अंधार पडलेला असे. मग मामीजी आतून ओरडायच्या, "द्या ना जी त्याइचा चेंडू!" त्यांच्यापुढे मात्र मामाजींचं काही चालत नसे.

मामीजी गेल्यावर हा कारभार रिकाम्या घरात सुरू झाला. भिंतीपलीकडून मला ऐकू येई, "आज खिचडीच टाकतो. भाजी चिरली तं एकट्याले संपत नाई." हरकत घेणारं कोणी नसे. मला ते ऐकवत नसे. मी टीव्हीचा आवाज वाढवायचो.

मामीजींच्या शेवटच्या दुखण्याचा खर्च त्यांनी खात्याकडे मागितला होता. सरकारी यादीतला दवाखाना रेल्वे फाटकापलीकडे, म्हणून मामाजींनी त्यांना अलीकडच्या खासगी दवाखान्यात नेलं होतं. तातडी असेल तर नियमात तेही बसतं. अमरावतीच्या कार्यालयातून उत्तर आलं, 'मागणी अमान्य'. खाली सही. मामाजी पेटले. पुण्याची लेक फोनवर म्हणाली, "बाबा, सोडा ना, तेवढे पैसे मी पाठवते." तिच्यावरच खेकसले, "पैसे कोन मांगून राह्यलं? मले कारण पाह्यजे!" त्यांनी अपील केलं. सुनावणीला सोबत म्हणून मी गेलो. एसटीत मूर्तिजापूर आलं तसे मामाजी एकदम म्हणाले, "तिले यादीतल्या दवाखान्यात नेलं असतं तं वाचली असती काय, हेच मले समजून घ्याचं हाय. हापिसातल्या साहेबाइनं सगळे कागद पाह्यले. त्याइले समजलं असन." मी खिडकीबाहेर पाहत राहिलो.

सुनावणीला साहेब भला माणूस निघाला. त्याने मामाजींना बसायला खुर्ची दिली, मधे न तोडता सगळं ऐकून घेतलं. परतताना मामाजी इतके खुशीत होते की बडनेऱ्याला त्यांनी मला आलूबोंडा खाऊ घातला, आणि तो का खाऊ घातला हेही सांगितलं.

पुढे आदेश आला. 'अपील मंजूर.' मी पेढे घेऊन धावलो, तर मामाजी चष्मा पुसत कागद उलटापालटा करत होते. "मंजूर काहून केलं, ते कुठी लेयलं हाय?"

"अहो, मामाजी, तुम्ही जिंकलात!"

"नाई म्हटलं तवा कारण नाई. हो म्हटलं तवाबी नाई. ह्याच्यावरबी हरकत घ्या लागते." मला हसू फुटलं. मंजुरीविरुद्ध अपील करायला निघालेला हा पहिलाच माणूस असेल. पण मामाजी हसत नव्हते. कागद मांडीवर ठेवून हळूच म्हणाले, "तुमी होते ना जी त्या दिवशी. फाटकापलीकडे न्याले पाह्यजे होतं काय?"

"नाही," मी म्हणालो.

"कारण?"

मग मी त्यांच्यासमोर खाटेवर बसलो आणि त्यांच्याच पद्धतीने सांगितलं. मामीजींच्या हातून चहाची बशी सुटली होती. जीभ जड झाली होती, तुमचं नावसुद्धा नीट उमटत नव्हतं. फाटक बंद होतं, मालगाडी उभी होती, आणि ऑटोत त्यांचं डोकं माझ्या बायकोच्या मांडीवर होतं. थांबायला वेळच नव्हता, मामाजी. तुम्ही नेलंत तेच बरोबर होतं.

मामाजी डोळे मिटून ऐकत होते. पेढ्यांचा पुडा तसाच बांधलेला होता. मग म्हणाले, "पुन्हा एकडाव सांगा जी. सावकाश."