लाफुटिडीनचे आडनाव

कर्वेनगरमधले आडनावकाकांचे औषधांचे दुकान गेल्या जूनच्या पहिल्या सोमवारी बंद झाले. त्यांनी पाच महिने मागितलेले शुद्धिपत्र आमच्या वृत्तपत्रात त्याच आठवड्याच्या शुक्रवारी छापून आले.

आडनावकाका हे नाव गिऱ्हाइकांनी दिलेले होते. कोणी गोळ्यांची रिकामी पट्टी पुढे सरकवून "हीच द्या" म्हटले की काका ती उलटी करत, चष्मा कपाळावर ढकलत आणि विचारत, "हिचं आडनाव काय?" नवा माणूस गोंधळून स्वतःचे आडनाव सांगे. "तुमचं नको, गोळीचं विचारतोय," असे म्हणून काका पट्टीवरच्या बारीक अक्षरांवर बोट ठेवत. मोठ्या अक्षरांत असते ते कंपनीने ठेवलेले लाडाचे नाव. बारीक अक्षरांत असते ते खरे नाव, आणि खऱ्या नावाचा शेवट म्हणजे औषधाचे घराणे. गिऱ्हाइकाने तो शब्द एकदा तोंडाने म्हटल्याशिवाय पट्टी पाकिटात जात नसे. घाईतल्या माणसांना याचा राग येई. त्यांच्यासाठी काकांचे उत्तर ठरलेले होते: "मोबाइलवरून मागवा. तो काही विचारत नाही." बरेच जण तसे मागवू लागले.

मी त्याच गल्लीत राहते. त्या काळात मी आमच्या वृत्तपत्राचे आरोग्य पान पाहत होते आणि वडिलांच्या गोळ्या काकांकडून आणत होते. ॲसिडिटीच्या गोळ्यांची दोन मोठी घराणी आहेत, टिडीन आणि प्राझोल, हे मला त्या दुकानात उभ्या उभ्या कळले. काकांनी ते सोसायटीच्या पाण्यावरून सांगितले होते.

"पोटात एक मोटर आहे, ती ॲसिड चढवते. टिडीन काय करतं, मोटर लावा हा निरोप वॉचमनपर्यंत पोचूच देत नाही. प्राझोल थेट मोटरच बंद करतं. टाकी दोन्हीकडे कमी भरते. पण म्हणून दोघं एक झाले का?"

लाफुटिडीन हे टिडीन घराण्यातले आडबाजूचे नाव. त्याचे रॅनिटिडीन, फॅमोटिडीन हे भाऊबंद लोकांच्या कानांवरून गेलेले असतात. लाफुटिडीन आमच्या भागात दोनच डॉक्टर लिहीत. पुरवठा अनियमित होता. काका पेठेतल्या होलसेलरकडे स्वतः जाऊन चार-सहा पट्ट्या आणत आणि वेगळ्या डब्यात ठेवत. या नावाचा अर्थ काय, असे मी एकदा विचारले. त्यांनी दुसऱ्या दिवशी सांगितले, "टिडीन नक्की. फु हा रेणूतल्या फ्युरॅन नावाच्या भागातून आला असावा. ला कुठून आला, मला सापडलं नाही. अंदाज आहे, अंदाज म्हणूनच लिहा."

त्यांची रीत एकदा त्यांच्यावर उलटली. एका बाईंनी भावाच्या चिठ्ठीवर ॲरिपिप्राझोल वाचले आणि काकांच्याच शिकवणीप्रमाणे जाहीर केले की हे ॲसिडिटीचे. ते मानसिक आजारावरचे औषध होते. "आडनाव जुळलं म्हणून सोयरीक नसते, ताई," काका म्हणाले. बाई गेल्यावर मात्र म्हणाले, "चूक त्यांची नाही. मी नियम अर्धाच सांगितला." त्या दिवसापासून प्रत्येक कागदी पाकिटावर ते निळ्या शाईने तीन ओळी लिहू लागले: नाव, आडनाव, काम. तिसरी ओळ त्या बाईंमुळे आली, हे ते नव्या गिऱ्हाइकांनाही सांगत.

माणसांची आडनावे त्यांनी कधी विचारली नाहीत. ते येरवड्याचे. वडील कारखान्यात होते आणि आजोबांच्या काळात घराने बौद्ध धम्म स्वीकारला होता. कर्वेनगरमध्ये दुकान भाड्याने घेताना सोसायटीच्या अध्यक्षांनी त्यांना नाव विचारले. काकांनी सांगितले. अध्यक्ष म्हणाले, "पूर्ण नाव?" काका म्हणाले, "परवान्यावर आहे. कायद्यानं भिंतीवर लावावाच लागतो. लावल्यावर वाचून जा." अध्यक्ष येऊन वाचून गेले. दुकान मिळाले, भाडे मात्र दोन दिवसांत वाढले. हा प्रसंग सांगताना काकांचा आवाज चढत नसे. "माणसाला आडनाव विचारून काही कळत नाही," ते म्हणत. "गोळीला विचारलं तर सगळं कळतं. लोक नेमकं उलटं करतात." त्यांचे आडनाव या लेखात नाही. ती त्यांची अट आहे.

गेल्या डिसेंबरमध्ये मी त्यांना आरोग्य पानासाठी लेख मागितला. त्यांनी चार फुलस्केप कागदांवर हाताने लिहून दिला. विषय होता, "ॲसिडिटीची गोळी" असे एकच नाव सगळ्यांना देण्याचा. लेखातले मुख्य वाक्य असे होते: "हृदयात स्टेंट बसवलेल्या रुग्णाला डॉक्टरांनी लाफुटिडीन लिहिले असेल व ते मिळाले नाही, तर त्याच्या जागी ओमेप्राझोल स्वतःहून घेऊ नये, डॉक्टरांना फोन करावा." कारणही पुढे दिले होते. स्टेंटमध्ये गुठळी होऊ नये म्हणून जी गोळी अनेकांना दिली जाते, तिचा परिणाम ओमेप्राझोलने कमी होऊ शकतो. प्राझोल घराण्यातली सगळीच नावे त्यात दोषी नाहीत, हेही त्यांनी कंसात लिहिले होते.

पान लावायच्या दिवशी दुपारी चारला एक जाहिरात वाढली आणि लेख अकरा ओळींनी लांब ठरला. वाचकाला जड जाईल असा शब्द पानावर ठेवायचा नाही, ही आमच्या पानाची पद्धत होती. मी जड शब्द असलेली वाक्ये आधी काढली. मुख्य वाक्य असे छापून आले: "स्टेंट बसवलेल्या रुग्णांनी ॲसिडिटीची गोळी नियमित घ्यावी." लेखाखाली काकांचे पूर्ण नाव होते. बदल मी केला. त्यांना दाखवला नाही.

सकाळी सव्वासातला त्यांचा फोन आला. "अहो, माझं नाव छापलंत आणि गोळीचं कापलंत," ते म्हणाले. "उलटं केलं असतंत तर चाललं असतं."

त्यांनी शुद्धिपत्र मागितले. मी संपादकांकडे गेले. त्यांनी वाक्य दोनदा वाचले आणि विचारले की यात खोटे काय आहे. डॉक्टर अशा रुग्णांना ॲसिडिटीची गोळी देतात ना? देतात. मग नियमित घ्यावी, यात चूक कुठे? शुद्धिपत्र चुकीसाठी असते, अपुरेपणासाठी नसते, असे त्यांनी सांगितले. मी ते काकांना जसेच्या तसे सांगितले. त्यांनी माझ्या वडिलांच्या गोळ्यांचे पाकीट लिहून पूर्ण केले, तिन्ही ओळी, आणि माझ्याकडे न पाहता पुढे सरकवले.

देशमाने एसटीतून निवृत्त झालेले गृहस्थ, काकांच्या दुकानामागच्या इमारतीत राहणारे. त्यांना आदल्या वर्षी स्टेंट बसला होता आणि त्यांच्या चिठ्ठीवर लाफुटिडीन होते. त्या डिसेंबरमध्ये ते औषध कुठेच मिळत नव्हते. काकांनी देशमानेबाईंना डॉक्टरांचा नंबर लिहून दिला होता आणि आपणही होलसेलरकडे रोज विचारत होते. जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात त्यांना चार पट्ट्या मिळाल्या. त्या घेऊन ते स्वतः देशमान्यांच्या घरी गेले. बाई म्हणाल्या, आता घाई नाही, सुनेच्या ओमेप्राझोलच्या कॅप्सूल घरात होत्या, त्याच तीन आठवडे देते आहे. कोणी सांगितले, असे काकांनी विचारले. बाईंनी फ्रिजवर चुंबकाने लावलेले कात्रण काढून त्यांच्या हातात दिले.

"तुम्हीच की, काका. खाली नाव आहे ना तुमचं."

हे मला काकांनी सांगितले आणि नंतर बाईंनीही. दोघांच्या सांगण्यात फरक नव्हता. काकांनी तिथूनच देशमान्यांच्या डॉक्टरांना फोन लावला. ओमेप्राझोल त्याच दिवशी थांबले. चौथ्या दिवशी देशमान्यांच्या छातीत दुखू लागले आणि त्यांना रुग्णालयात हलवावे लागले. पाच दिवस ते अतिदक्षता विभागात होते. घरी आले ते चालत आले. ओमेप्राझोलमुळे हे झाले, असे डॉक्टरांनी कागदावर लिहिले नाही. त्यामुळे झाले नाही, असेही लिहिले नाही.

काका रोज सकाळी दुकान उघडण्याआधी देशमान्यांच्या इमारतीखाली जाऊन वॉचमनकडे तब्येत विचारत. वर जात नसत. फेब्रुवारीपासून देशमान्यांची औषधे मोबाइलवरून येऊ लागली. पिशवी घेऊन येणारा मोटरसायकलवाला पत्ता विचारायला काकांच्याच दुकानाशी थांबे. काका त्याला इमारत दाखवत आणि एकदाच म्हणाले, "पिशवीत लाफुटिडीन आहे का बघ रे." तो म्हणाला, पिशवी सीलबंद असते.

त्यानंतर दर महिन्याच्या पहिल्या शनिवारी ते बसने आमच्या कार्यालयात येत. एका पानाचे पत्र असे, मजकूर तोच, वरच्या कोपऱ्यात क्रमांक वाढवलेला. सुरक्षारक्षक मला खाली बोलावी. मी पत्र वर नेऊन देई आणि खाली येऊन सांगे की दिले. तिसऱ्या वेळी त्यांनी विचारले, "वर जाऊन तुम्ही नक्की काय बोलता?" मी म्हणाले, शुद्धिपत्राचेच बोलते. "मग ते जड जात असेल," काका म्हणाले. "सोपं करून सांगा. ॲसिडिटीचं पत्र आलंय म्हणा."

दुकानाच्या काचेवर त्यांनी मूळ वाक्य स्वतःच्या अक्षरात लिहून लावले होते. लोक ते वाचत आणि ही कुठल्या नव्या गोळीची जाहिरात, असे विचारत. सुरुवातीला काका समजावून सांगत. एप्रिलमध्ये ते नुसतेच "वाचा" म्हणू लागले. मे महिन्यात एका मुलीने आईची पट्टी पुढे केली, तेव्हा मी तिथे होते. काकांनी ती उलटी केली, बारीक अक्षरे वाचली, पाकिटावर तीन ओळी लिहिल्या आणि पाकीट दिले. आडनाव विचारले नाही. मुलगी गेल्यावर मी त्यांना तसे म्हटले. ते म्हणाले, "सांगितलेलं अर्धंच घरी पोचतं. लिहिलेलं तरी पाकीट फाटेपर्यंत राहतं."

सोसायटीची इमारत पुनर्विकासाला गेली आणि दुकान रिकामे करण्याची मुदत जूनच्या पहिल्या आठवड्याची ठरली. काकांनी नवी जागा शोधली नाही. उरलेला माल होलसेलरकडे परत गेला. जूनच्या पहिल्या सोमवारी मी गेले तेव्हा कपाटे उघडी होती आणि काका भिंतीवरून परवान्याची चौकट उतरवत होते. काचेवरचा कागद त्यांनी आधीच काढला होता. मी त्यांना सांगितले की संपादक तयार झाले आहेत. शेवटच्या पत्रासोबत काकांनी देशमान्यांच्या डॉक्टरांची चिठ्ठी जोडली होती, तिचा उपयोग झाला. शुक्रवारी छापून येईल.

"नाव येईल ना?" त्यांनी विचारले.

मी म्हणाले, तुमच्या नावाचा उल्लेख नको असेल तर...

"माझं नाही विचारत."

मी सांगितले की लिहिले आहे, दोन वेळा. त्यांनी मान हलवली. चौकट वर्तमानपत्रात गुंडाळली, शटर ओढले, कुलूप लावले आणि येरवड्याच्या बसचा थांबा गाठला. मी थांब्यापर्यंत सोबत होते. वाटेत देशमान्यांची इमारत लागली, तेव्हा त्यांनी वर पाहिले. दुसऱ्या मजल्यावर देशमाने खुर्ची टाकून बसले होते. त्यांनी हात केला. काकांनीही केला.

शुद्धिपत्राचा मजकूर मी बुधवारी दिला. त्यात लाफुटिडीन हा शब्द दोनदा आणि ओमेप्राझोल एकदा होता. गुरुवारी शेवटच्या वाचनात मुख्य डेस्कने तिन्ही जागी बदल केला. उत्पादनाचे नाव छापणे म्हणजे फुकटची जाहिरात, हा तिथला नियम आहे. ही कंपनीची नावे नव्हेत, हे मी शुक्रवारी सकाळी सांगितले. तोपर्यंत अंक वाटला गेला होता.

नवव्या पानावर, शेवटच्या स्तंभात तळाशी ते असे छापले आहे: "आरोग्य पानावरील लेखात संबंधित औषधाचे नाव अनवधानाने वगळले गेले. संबंधित औषधाऐवजी अन्य औषध घेण्यापूर्वी डॉक्टरांचा सल्ला घ्यावा. चुकीबद्दल दिलगीर आहोत."

त्या दिवशी मी काकांना तीनदा फोन केला. तो उचलला गेला नाही.

शनिवारी सकाळी दुकानाच्या बंद शटरवर, कुलपाच्या वर, ते कात्रण चिकटवलेले होते. "संबंधित औषधाचे" या दोन शब्दांवर निळ्या शाईने रेघ मारली होती. शेजारी कागदी पाकिटाचा एक तुकडा होता. त्यावर तीन ओळी होत्या. नाव: लाफुटिडीन. आडनाव: टिडीन. तिसऱ्या ओळीत "काम" एवढेच लिहून पुढची जागा कोरी सोडली होती. अक्षर काकांचे होते. त्या जागी यायचे ते डिसेंबरमध्ये मीच कापले होते.