घोट्यावरचा वळ
बीपीची नवी गोळी सुरू झाल्यापासून संध्याकाळी मोजे काढले की घोट्यावर खोल वळ दिसतो, आणि मला जयपूर आठवतं. ऐंशीच्या दशकात बाबा तिथे रेल्वेत इंजिन ड्रायव्हर होते. त्यांचं बीपी वाढलेलं, पण ते रेल्वेला कळलं तर इंजिनावरून उतरवतील, म्हणून बाहेरच्या डॉक्टरांनी दिलेल्या नारिंगी कॅप्सूल आई डाळीच्या डब्यात लपवायची. कुणाला सांगायचं नाही, असं तिनं मला बजावलं होतं. रेल्वेच्या वैद्यकीय तपासणीच्या सकाळी बीपी झटकन उतरावं म्हणून बाबांनी एक कॅप्सूल दातांनी फोडून जिभेखाली धरली, आणि माझा खोकला दाखवायला मलाही सोबत नेलं. खोलीत फिनेलचा वास होता, खिडकीला जाळी. बीपी बरोबर आलं, पण बाबांचा चेहरा औषधानं लालबुंद झालेला. रेल्वेच्या डॉक्टरांनी त्यांच्या, त्याच कॅप्सूलनी सुजलेल्या पायावर अंगठा दाबला. खळगा तसाच राहिला. मग ते माझ्याकडे वळले. "बेटा, पापा कोई दवाई लेते हैं?" बाबा काढून ठेवलेल्या बुटांकडे बघत होते. "नहीं," मी म्हणाले. त्यानंतर बाबा बरीच वर्षं गाडी चालवत राहिले, आणि ते घरी परतेपर्यंत मी जेवायला बसायचे नाही. परवा माझ्या डॉक्टरांनी विचारलं, वडिलांना बीपी होतं का? मी चटकन म्हणाले, "नाही."