दहा मिनिटांनी बंद पडणारं यंत्र

कागद कारखान्यात जन्मभर यंत्रं दुरुस्त केली. त्यामुळे घरात काही बिघडलं की मला चेव येतो, आणि कुणी मध्ये बोललं की डोकंच फिरतं.

निवृत्तीनंतर आमच्याच गावातल्या लालबाग नावाच्या वस्तीत घर घेतलं. पुढे थोडी हिरवळ आहे. तिच्यासाठी पेट्रोलवर चालणारं गवत कापायचं यंत्र आणलं, आणि ते चालवायला बायको माझ्याआधी शिकली. दर रविवारी पदर खोचून ती गवत कापायची, येणारे-जाणारे बघत राहायचे. तिला ते फार आवडायचं.

दसऱ्यानंतरच्या रविवारी यंत्र दहा मिनिटं चाललं, गुरगुरलं आणि बंद पडलं. मी टाकीचं झाकण काढून पाहिलं, तर पेट्रोल होतं. झाकण लावून दोरी ओढली, चालू झालं. दहा मिनिटांनी पुन्हा तेच. शेजारचे दोघे भाऊ कुंपणापाशी येऊन उभे राहिले. त्यांच्यादेखत मी बायकोवर खेकसलो, "पेट्रोल न गाळता ओतलंस ना? अक्कल गहाण ठेवलीस का?"

"गाळूनच टाकलं होतं," एवढंच म्हणून ती आत गेली.

पुढचे दोन रविवार तिने यंत्राला हात लावला नाही. मी प्लग घासला, कार्बोरेटर खोलून धुतला. काही उपयोग नाही. शेवटी टाकीचं झाकण उजेडात धरलं. आत हवा जायला त्याला सुईएवढं भोक असतं, ते गच्च बुजलं होतं. हवा नाही म्हणून पेट्रोल खाली उतरत नव्हतं. आणि बुजलं होतं ते हळदीकुंकवाने. दसऱ्याला यंत्राची पूजा मीच केली होती, बोटं भरभरून.

सुईने भोक मोकळं केलं. यंत्र सुरेख चालायला लागलं. आवाज ऐकून बायको दारात आली.

"काय झालं होतं?"

"कचरा अडकला होता," मी म्हणालो.

"मग माझ्याच हातून गेला असेल. जाऊ द्या, आता तुम्हीच चालवत जा."

तिने ते इतक्या मुकाट्याने पत्करलं की मला माझीच लाज वाटली. यंत्र बंद करून मी झाकण तिच्या हातात दिलं, पूजेचं सगळं सांगितलं, चुकलो म्हणालो. वाटलं, हसेल. ती हसली नाही.

"बोलले तर सगळ्यांसमोर ना तुम्ही? मग मला एकटीलाच काय सांगून राहिले?"

शेजारचे दोघे भाऊ ओट्यावर चहा पीत बसले होते. मी कुंपणापाशी गेलो, त्यांना हाक मारली. दोघे उठून आले. "त्या रविवारी तुमच्यासमोर हिला बोललो ना, ती चूक माझी होती," मी म्हणालो.