लेडी विल्बींचं कार्ड

नसरीनचा फोन आला तेव्हा मी बहारीनमधल्या झल्लाकच्या आमच्या हॉटेलात मेजवानीची टेबलं लावून घेत होतो. "काका, अब्बा गेले," एवढंच ती म्हणाली. रत्नागिरीजवळच्या गावी, अंगणात चहा घेता घेता गेले इब्राहिमभाई... मी फोन खिशात ठेवला आणि पुन्हा टेबलांकडे वळलो. त्याला आता दीड महिना झाला.

मेजवानीत कुणी कुठं बसायचं, त्या नावांची कार्डं आमच्याकडे इब्राहिमभाई लिहायचे. ब्रिटिश पाहुणे असले की यादी आधी त्यांच्याकडे जायची. 'सर' पहिल्या नावाला लागतं, नुसत्या आडनावाला कधीच नाही. सरांची बायको मात्र आडनावानं लेडी. 'लेडी' आणि पुढं तिचं स्वतःचं नाव लिहायचं, तर ती बड्या उमरावाच्या पोटी जन्मलेली असावी लागते. हूरा वस्तीतल्या आमच्या दोघांच्या खोलीत कांदा चिरता चिरता ते मला हे शिकवायचे. त्यांच्या खानदानाशी आपल्याला काय करायचंय, असं मी एकदा म्हणालो. "उद्या तुझ्या बायकोला कुणी भलत्याची मुलगी म्हटलं, तर जेवण जाईल तुला?" ते म्हणाले. त्यांना स्वतःला सारं हॉटेल 'इबू' म्हणायचं. त्याचं त्यांना काही वाटत नसे.

एका संध्याकाळी एका कंपनीची मेजवानी होती. सर टॉमस विल्बी सपत्नीक येणार होते. इब्राहिमभाई नमाजाला गेले आणि माझ्या हातून पाण्याचा जग कलंडून लेडी विल्बींचं कार्ड भिजलं. पाहुणे दारात होते. मी घाईघाईनं नवं कार्ड लिहिलं, 'लेडी जोन'. नवऱ्याला सर टॉमस म्हणतात, मग बायको लेडी जोन, इतका सरळ हिशेब केला मी. सगळं शिकवून झाल्यावर...

बाई कार्ड बघून हसल्या. आपले वडील पाव भाजायचे, त्यांना हे वाचून फार गंमत वाटली असती, असं म्हणाल्या. यजमान मात्र हसले नाहीत. मेजवानी आटोपल्यावर मॅनेजरनं आम्हा दोघांना बोलावलं आणि कार्ड पुढं टाकलं. माझा व्हिसा तेव्हा रिन्यूला गेला होता. मी खाली बघत उभा राहिलो.

"मीच लिहिलं, साहेब," इब्राहिमभाई म्हणाले.

दुसऱ्या दिवसापासून त्यांना चादरी-टॉवेलांच्या स्टोअरला टाकलं आणि कार्डं छापून येऊ लागली. वर्षभरानं ते कायमचे गावी गेले. खोलीत मी एकदा विषय काढला, तर म्हणाले, "खलास झालं ते. भात बघ, लागतोय." नंतर तीनदा सुट्टीवर गेलो, रत्नागिरीवरूनच गेलो, पण त्यांच्या घरी उतरलो नाही. काय तोंड दाखवणार होतो?

गेल्या आठवड्यात मॅनेजरच्या केबिनमध्ये जाऊन सगळं सांगितलं. ऐकणारा मॅनेजर नवा होता. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, इब्राहिम म्हणजे कोण?

परवा नसरीनला फोन केला. खरं सांगायचं ठरवूनच केला होता. मी तोंड उघडायच्या आत तीच सांगू लागली. अब्बा गावी गेल्यावर लग्नपत्रिकांवर नावं घालून द्यायचे, हिंदूंच्या, मुसलमानांच्या, सगळ्यांच्या. प्रत्येक नाव दोनदा विचारून घ्यायचे. कुणी कंटाळलं तर म्हणायचे, बहारीनला माझ्या हातून एकदा चूक झाली आहे, बाबा... घरातही त्यांनी तसंच सांगितलं होतं. मी "हो का" म्हणालो आणि फोन ठेवला.

नसरीन, ती चूक त्यांची नव्हती. ते कार्ड मी लिहिलं होतं.