दुसरी ओळ

चाकणच्या कंपनीत जाणाऱ्या आमच्या बसमध्ये रावेतहून चढणारा तो माणूस रोज डब्यावर ठेका धरून एका चालीची पहिली ओळ गुणगुणायचा आणि तिथंच थांबायचा. शेवटी मी वैतागलो. “राव, पुढचं म्हणा की!”

“पुढचं माझं नाही. मी आणि माझा मित्र, आम्ही दोघं मालिका-सिनेमांना संगीत देतो. आमचं नाव कुणाला माहीत नाही, म्हणून ही नोकरी. पहिली ओळ माझी, दुसरी त्याची, कायमचं ठरलेलं. त्याच्या घशाचं ऑपरेशन झालंय. आवाज परत येईल का, डॉक्टरही सांगत नाहीत.”

त्यानंतर ती ओळ संपली की मीही श्वास रोखून बसायचो.

काल कुरुळीच्या अलीकडे त्याचा फोन वाजला. पलीकडून घोगऱ्या आवाजात दुसरी ओळ आली. त्यानं डोळे पुसले आणि फोन माझ्या कानाला लावला. “ऐका हो, किती बेसूर गातोय!”